जुन्या बंदराचं कापड

३ नोव्हेंबर

माझ्याच स्वयंपाकघरातलं टेबल मला न विचारता सरकवलं! का, तर म्हणे खिडकीचा उजेड तोंडावर नीट पडत नाही. तोंड जन्मापासून असंच आहे, उजेडानं काय सुधारणार?

लुदोविका नाव तिचं. मिलानहून आलीय. इथल्या फुटबॉलच्या मैदानात गोलामागच्या स्टँडवर उभं राहून जे संघासाठी घसा फोडतात, त्यांच्यावर माहितीपट काढतेय. माझ्या लेकीनं, लोरेतानं, तिला घरात घेतली. "आई, त्यांचं कापड तूच शिवलं होतंस ना? मग बोल की दोन शब्द."

दोन शब्द म्हणे! सकाळी बसवली ती दुपारी सोडली.

५ नोव्हेंबर

आज कापडाबद्दल विचारलं. कापड म्हणजे त्यांच्या टोळीचा बॅनर. स्टँडच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत, तांबडा, त्यावर पांढऱ्या अक्षरांत 'जुनं बंदर'. अक्षरं माझ्या नात्सारेनोनं इथेच फरशीवर पालथं पडून कापली. "आई, शेवटचं वाकडं आलंय." "मग ऊठ आणि तूच शिव!" असं आमचं चालायचं.

लुदोविका म्हणते, "आजी, तसंच पुन्हा शिवा ना, कॅमेऱ्यासमोर."

मी म्हटलं, नाही. कापड दुसऱ्या गावाच्या हाती गेलं की टोळी संपली, त्याच दिवशी. दुसरं शिवायचं नसतं.

"माहीत आहे हो. पण दिसेल छान."

दिसेल छान!

कापड सांभाळायचं काम नात्सारेनोकडे होतं. डोंगरापलीकडे सामन्याला गेले आणि हा रिकाम्या हातानं परत आला. "स्टेशनच्या बाकावर विसरलो, त्यांनी उचललं." बस. पुढे एक शब्द नाही. त्याला कुणी मारलं नाही, शिवी दिली नाही. फक्त कॉफीच्या दुकानात कुणी सरकून जागा देईना. शेवटी हॅम्बर्गला गेला, गोदीत कामाला. नाताळात फोन येतो. "बरी आहेस?" "आहे." "जेवलीस?" संपलं.

७ नोव्हेंबर

समुद्रावरून वारा. कपडे ओलेच.

९ नोव्हेंबर, रविवार

साउरो जेवायला. दर रविवारी असतोच. टोळीचा म्होरक्या होता. हातात भोंगा घेऊन, सामन्याकडे पाठ करून पोरांना गायला लावायचा. जन्मात एक गोल धड पाहिला नाही! पाय त्या शेवटच्या सामन्यापासून ओढत चालतो. वाळवलेला मासा नि बटाटे, दोनदा वाढून घेतले.

"लग्न केलं असतंस तर बायकोनं खायला घातलं असतं."

"मावशी, माझं लग्न स्टँडशी झालं."

"मग स्वतःला विधुर म्हणवून घे."

हसला. तेवढ्यात लुदोविकानं कॅमेरा त्याच्याकडे वळवला. "त्या दिवशी नेमकं काय झालं?" झालं! लगेच याचा गुडघा दुखायला लागला. कॉफी न घेता गेला. साउरो, आणि कॉफी न घेता!

१२ नोव्हेंबर

लुदोविकानं कुठून तरी जुनं चित्रीकरण पैदा केलं. सगळा तांबडा धूर, त्यात हजार माणसं. दिसायच्या आधी ऐकू आला. नात्सारेनो! चर्चमध्ये गायचा तेव्हापासून सगळ्यांच्या अर्धं पाऊल पुढे. मी बोट ठेवलं. "हा."

"चेहरा कुठे दिसतोय, आजी?"

चेहरा कशाला लागतो! कापडाच्या कडेला दोन मुठी आहेत. त्या मुठी मी धुतल्यात.

पुन्हा लाव म्हटलं. पुन्हा लाव. बॅटरी संपेल म्हणाली. संपू दे.

मी शिवलेलं कापड गेलं तर गेलं. पोरगं जायची काय गरज होती!

१८ नोव्हेंबर

लुदोविका डोंगरापलीकडच्यांना भेटून आली. लोरेताला नि मला शेजारी बसवलं आणि दाखवलं.

एक टकला माणूस. मागे नातवंडाची तीनचाकी. म्हणतो, "चोरलं? छे! बाकबिक काही नव्हता. त्यांचा तो भोंगेवाला आमच्या तावडीत सापडला होता, खाली पडलेला, पाय गेलेला. आम्ही भानावर नव्हतो. तेवढ्यात एक पोरगा एकटाच आला. हातावर कापड, नीट घडी घातलेलं. म्हणाला, हे घ्या, त्याला सोडा. अशा वेळी कापड उलटं टांगून मिरवायचं असतं. आमचा हात धजावला नाही."

हिसकावलं गेलं तर ते नशीब. आपल्या हातानं दिलं तर देणाऱ्याला माफी नाही, आणि ज्याच्यासाठी दिलं त्याचं नावही संपलं. म्हणून बाक. म्हणून 'विसरलो'. स्वतःचं गाव सोडलं, साउरोचं नाव राखलं.

आणि हा माझ्या टेबलावर दर रविवारी दोनदा वाढून घेतोय!

लोरेता म्हणाली, "येऊ दे आता, दारातूनच हाकलते."

मी म्हटलं, हाकलायचं नाही. जेवायला बोलवायचं. आणि लुदोविकाला सांगितलं, त्या टकल्याचं बोलणं हॅम्बर्गला पाठव. कॅमेरा रविवारी घरात आणू नकोस.

बटाटे सोलत बसले. गल्लीला पुरतील एवढे सोलले.

२३ नोव्हेंबर, रविवार

साउरोला दाखवलं. नाही म्हणाला नाही. "मावशी, मीच त्याच्या हातापाया पडलो. कुणाला सांगू नको म्हणून."

तेवढ्यात फोन. हॅम्बर्गचा. नाताळ नसताना! लोरेता उठली. माझाही हात गेला होता. मागे घेतला.

"लोरेता, बस खाली. साउरो, काटा ठेव. तू उचल."