नॉर्वेच्या गोलकीपरचा म्हाळ

बरवा अल बराहा, कतार
सर्वपित्रीचा दुसरा दिवस

तीर्थरूप निवृत्तीकाकांच्या पायांवर शिवराजचं डोकं (इतक्या लांबून ठेवतोय, त्यामुळे पाय मागे घेता येणार नाहीत).

तुमचा गुडघा, काकूचं पित्त आणि धाकट्या म्हशीचा स्वभाव, तिन्हींना उतार पडला असेल अशी आशा करतो. चि. दुर्गा बारावीच्या अभ्यासाला रोज संध्याकाळी मैत्रिणीकडे जाते असं कळलं. तुमची पोरगी कष्टाळू आहे, अडवू नका. मी खुशाल आहे. ड्रायव्हरला आजारी पडायला गाडी थांबवावी लागते आणि इथे पार्किंग मिळत नाही.

फोन सोडून पत्र का, तर फोनवर फुटबॉलचं नाव निघालं की तुमची रेंज जाते. कागदाची जात नाही. माझ्या खोलीतला रामेश्वर रजेवर येतोय, त्याच्या हाती हे पाठवतोय, आणि तुमचं वाचून होईपर्यंत त्यानं सोप्यातून हलायचं नाही असं त्याला बजावलंय (चहा द्या, फार वेळ लावलात तर जेवणही घालावं लागेल).

तीस वर्षांपूर्वी फायनलला शेवटच्या मिनिटाला बॉल तुमच्या दोन पायांमधून गेला आणि दुसऱ्या दिवसापासून पेठ तुम्हाला 'दरवाजा' म्हणायला लागली, हे मी काढणार नव्हतो. पण त्या दिवसापासून तुम्ही स्टेडियमची वाट सोडलीत, तालमीची पायरी सोडलीत. मंडईतून कोथिंबीर आणायची तर निम्म्या कोल्हापूरला प्रदक्षिणा घालता. सगळ्या घराला हे ठाऊक आहे आणि कुणी बोलत नाही. मी बोलतोय, कारण तुमचा हात माझ्या पाठीपर्यंत पोचत नाही.

तर आमचे हाल्वर साहेब. नॉर्वेचे, वय पासष्ट, डोक्यावर केस नाहीत आणि उन्हात रंग आपल्या बिटासारखा होतो. पाच वर्षं मी त्यांची गाडी चालवतोय. पुढच्या महिन्यात ते कायमचे घरी चाललेत. या पाच वर्षांत सिग्नलवर थांबलो की साहेब त्यांच्या आजोबांची गोष्ट सांगतात, आणि दोह्यात सिग्नल पुष्कळ आहेत. आजोबांचं नाव आयनार. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी छत्र्यांच्या दुकानात गल्ल्यावर उभे राहायचे आणि रविवारी गोलकीपर म्हणून खेळायचे. तेव्हा सगळं हौसेचं. बूट स्वतःचे, रजा बिनपगारी. एकदा देशाच्या संघाचा कीपर आजारी पडला म्हणून आयनारना बोलावणं आलं. आगगाडीनं शेजारच्या देशात गेले, मॅच खेळले, परत आले. गोल किती खाल्ले ते साहेब सांगत नाहीत, हातांची बोटं पुरायची नाहीत एवढंच म्हणतात. सोमवारी दुकान उघडलं तर पहिलंच गिऱ्हाईक म्हणालं, छत्री दाखवा, पण तुमच्यासारखी गळकी नको. आयनारनी छत्री बांधून दिली, घरी येऊन बूट माळ्यावर टाकले आणि पुन्हा मैदान पाहिलं नाही. (काका, पान उलटा. रामेश्वर बघतोय.)

पुढे त्यांचा मुलगा, म्हणजे साहेबांचे वडील, फुटबॉल खेळायला लागला. चांगला खेळायचा. गावाच्या फायनलला कॅप्टन होता. सगळं गाव मॅचला, आणि आयनार बंद दुकानात छत्र्यांच्या काड्या मोजत बसलेले. मुलगा घरी आला, जेवला, झोपला. यांनी विचारलं नाही, त्यानं सांगितलं नाही. अशी बरीच वर्षं गेली. शेवटच्या दुखण्यात म्हाताऱ्यानं मुलाला विचारलं, त्या फायनलला कोण जिंकलं? मुलगा म्हणाला, आला असतात तर कळलं असतं. दोन दिवसांत म्हातारा गेला. हे एक वाक्य साहेबांच्या वडिलांना जन्मभर बोचत राहिलं, आणि आता ते साहेबांकडे आलंय. हे सांगताना सिग्नल हिरवा झाला तरी मी गाडी काढत नाही, मागचे हॉर्न मारतात.

काल मी आपल्या आजोबांचा म्हाळ घातला. मी आणि रामेश्वरनं मिळून खीर, वडे, आमटी केली (वडे बुटाच्या टाचेसारखे झाले, पण आजोबांना दात होतेच कुठे). साहेबांना रजा का हवी ते सांगितलं, तर म्हणाले, माझ्याही आजोबांचं पान वाढता येईल का? मी म्हटलं, सर्वपित्री आहे, सगळ्यांची सोय आहे. मग अल मन्सूराच्या दुकानातून डब्यातला मासा आणला, बटाटे उकडले. म्हाळाच्या पानात मासा बघून काकू मला घरात घेणार नाही, पण त्या माणसाला अळूची भाजी वाढली असती तर त्याला वाटलं असतं, अजून त्या मॅचचीच शिक्षा चालू आहे.

अडचण कावळ्याची. आमच्या आवारात साळुंक्या मोप, कावळा औषधाला नाही. साळुंकी चालते का, यावर माझा आणि रामेश्वरचा वाद झाला, तेवढ्यात साळुंक्यांनी आजोबांचे दोन वडे पळवले. साहेब म्हणाले, यल्ला, चला, कावळा असेल तिथे जाऊ. दोन्ही पानं मांडीवर घेऊन ते गाडीत बसले आणि आम्ही दोघं थेट उत्तरेला अल रुवैसच्या मासळी बंदरावर गेलो. तिथे जाळी विणणारा इकबाल म्हणाला, "भाई, मैं रोज कौवे भगाता हूँ, और आप उनको खाना खिलाने इतनी दूर से आए?"

आपल्या आजोबांच्या पानाला कावळा लगेच शिवला (त्यांना कधी उशीर खपला नाही). आयनारच्या पानाकडे मात्र एकही फिरकेना. एक कावळा उलट्या होडीवर बसून मान वाकडी करून नुसता बघत होता. मी साहेबांना सांगितलं, काहीतरी इच्छा राहिलीय, वचन द्या. साहेबांनी टोपी काढली, हात जोडले, आणि वचन दिलं की घराला रंग देतो, थडग्यावरचं गवत काढतो, धाकट्या बहिणीशी बोलतो. कावळा ढिम्म. इकबाल जाळं टाकून उठून आला. उन्हानं आम्ही तिघंही उकडलेल्या बटाट्यांच्या पंगतीला बसण्याजोगे झालो होतो.

मग मला सुचलं. म्हटलं, साहेब, वचन नको, निकाल सांगा. साहेब पाण्याच्या कडेला गेले. मग समुद्राकडे तोंड करून त्यांच्या भाषेत मोठ्यानं बोलायला लागले. मला एक अक्षर कळलं नाही, पण एका हाताची तीन बोटं वर होती आणि दुसऱ्याचं एक. त्यांचे बाबा जिंकले होते, तीन-एक. कावळा उतरला आणि बटाटा घेऊन गेला.

कावळ्याला भूक लागली असेल, हे मलाही कळतं. पण साहेब लहान पोरासारखे रडले, मीही रडलो, आणि इकबालनं काही न विचारता तिघांचा चहा आणला. मासा मांजरानं खाल्ला. परतताना साहेब एवढंच म्हणाले की दुकानापासून सत्तर पावलांवर मैदान होतं, आजोबांना चालत जाता आलं असतं.

काकूला नमस्कार, दुर्गाला आशीर्वाद, आणि माझं काही चुकलं असेल तर रामेश्वरला रागवा, तो समोर आहे.

तुमचा,
शिवराज

ता. क. आता मुद्द्याचं. दुर्गा अभ्यासाला जात नाही, फुटबॉलला जाते. कॉलेजच्या संघाची गोलकीपर आहे. येत्या रविवारी सकाळी स्टेडियमवर फायनल आहे. तुम्हाला सांगायचा तिला धीर होत नाही, म्हणून मी सांगतोय. जा.

ता. क. २. कोण जिंकलं ते तुम्हाला ना मी सांगणार, ना ती. पेपरातून कळेल म्हणाल तर रविवारपासून पेपर बंद करायला काकूला सांगितलंय.

ता. क. ३. पाकीट चिकटवत होतो तोच काकूचा फोन आला. म्हणाली, चिखलानं भरलेले दुर्गाचे बूट रोज सकाळी पुसून, नाड्या सैल करून, दाराशी ठेवलेले असतात. काकूला वाटायचं दुर्गा पुसते, दुर्गाला वाटायचं काकू पुसते. काल दोघींनी एकमेकींना विचारलं. घरात माणसं तीनच आहेत, काका.