तपशिलात बदल करणेबाबत

भिवंडी,
दि. २२ जून २०२५

चि. अनय यास,
ताईचे अनेक आशीर्वाद.

इकडे सगळं ठीक आहे, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहिलं. माझी ईरा दहावी झाली, एक्क्याऐंशी टक्के. नारपोलीतली लूमची खडखड तशीच आहे. वीज गेली की थांबते आणि मग त्या शांततेनंच डोकं दुखतं. तुझं जेवणखाण वेळेवर होतं ना?

हे सगळं फोनवर का नाही, असं म्हणशील. फोनवर बाबांचं नाव काढलं की तुझी रेंज जाते, म्हणून. हे वाचच.

फेब्रुवारीत बाबांना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली. जीभ जड झालीये, पण समजतं सगळं. तुला कळवलं नाही. तू नुसतं ‘बरं’ म्हणाला असतास, तर मला पुन्हा तुझ्याशी बोलावंसंच वाटलं नसतं, याची भीती होती. मी ईराला घेऊन त्यांच्याकडेच राहायला आलेय.

नऊ जूनला, तुझ्या वाढदिवशी, सकाळपासून त्यांची चुळबुळ चालली होती. तू गेल्यापासून दर नऊ जूनला मी माहेरी यायचे आणि ते इस्त्रीचा शर्ट घालून “शाळेत काम आहे” म्हणून बाहेर पडायचे. निवृत्त हेडक्लार्कचं शाळेत कसलं काम, हे मी कधी विचारलं नाही. वाटायचं, घरात तुझी आठवण निघू नये म्हणून जातात. यंदा डाव्या हातानं कपाट दाखवलं. आत एक फाइल, वरच एका अर्जाच्या दोन प्रती. डाव्या हातानं गिरवलेलं वेडंवाकडं अक्षर, पण समास बरोबर सोडलेला! विषय : बेपत्ता मुलाच्या तपशिलात बदल करणेबाबत.

“नेऊन... दे,” म्हणाले. “पोच... घे.”

पोलीस ठाण्याची पायरी मी पहिल्यांदाच चढले. बेपत्ता माणसांचं रजिस्टर सांभाळणारे दौलत भोईर म्हणून हवालदार आहेत. अर्ज बघताच ते उठून उभे राहिले.

“सर न्हाय आले? मी सकाळपासून वाट बघतोय.”

त्यांनी रॅकवरून एक जाड फाइल काढली, फडक्यानं पुसली आणि माझ्यापुढे ठेवली. तळाशी बारा जून २०११ ची तक्रार. त्यावर तेरा वर्षांचे तेरा अर्ज. ‘वय १९ ऐवजी २० असे वाचावे.’ पुढे, ‘मिशी ठेवली असण्याची शक्यता.’ पुढे, ‘वजन वाढले असावे, आमच्या घराण्यात पंचविशीनंतर वाढते.’ आणि तुला तिसावं लागलं त्या वर्षी, ‘कानशिलावर केस पिकले असतील. अर्जदाराचे याच वयात पिकले होते.’

अनय, मी थक्क होऊन तिथल्या बाकावर बसले. ज्या माणसानं घरात तुझं नाव काढू दिलं नाही, तो तुला दर वर्षी एका वर्षानं मोठं करत होता, आवक क्रमांकासकट. देवळात गेल्यावर सुद्धा मला इतकं लहान कधी वाटलं नव्हतं.

“लोकं दोन-चार वर्सं येतात, मंग थकतात,” भोईर म्हणाले. “सर न्हाय थकले. माझ्या आधीचा हवालदार बदलीच्या टायमाला सांगून गेला, नऊ जूनला रजा टाकू नको, सर येतील.”

पहिल्या तक्रारीत ‘घर सोडण्याचे कारण’ असा रकाना आहे. मला वाटलं, तुझं कॉलेज सोडणं, उलट बोलणं, सगळं असेल. तिथे लिहिलंय : ‘अर्जदाराने मुलास घराबाहेर काढले. मुलाचा दोष नाही.’

आता माझं ऐक. यंदाच्या अर्जात वय ३३ लिहिलंय आणि पुढे ‘चेहरेपट्टी : सांगता येत नाही.’ ते मला बघवलं नाही. शेवटी मीही हेडक्लार्कचीच मुलगी. टेबलावरचं पेन उचललं आणि दोन्ही प्रतींवर खाली लिहिलं : ‘चष्मा आहे. काळी फ्रेम.’

भोईरांनी वाचलं. माझ्याकडे बघितलं.

“ताई, तुम्हाला कसं म्हाईत?”

चष्मा मी तुझ्या व्हिडिओ कॉलवर पाहिला होता. कोइंबतूरहून तुझा पहिला फोन आला त्याला अकरा वर्षं झाली. तू आईची शपथ घातलीस, मी पाळली. त्यानंतर अकरा वेळा बाबा ती पायरी चढले आणि परत आल्यावर मी त्यांना वाढत होते. शपथ तुझी होती, पण गप्प बसणं माझं. आणि खरं सांगू? तू फक्त मलाच फोन करतोस, हे मला आवडत होतं. लाज वाटते लिहिताना.

मी सगळं सांगून टाकलं. भोईर ओरडले नाहीत.

“मोठा माणूस हाय. आम्ही कोणाला ओढून आणत न्हाय, पत्ता पण सांगणार न्हाय. पण नोंद बंद करायची तर त्याला स्वतः यावं लागंल, जबाब द्यायला.” मग शिक्का मारून एक प्रत पोच म्हणून माझ्या हातात दिली.

घरी येऊन ती बाबांना दिली. त्यांनी चष्मा लावून वाचली. माझं अक्षर ते पहिलीपासून ओळखतात. मी समोर उभी. वाटलं, आता कागद भिरकावतील, मला ‘निघ’ म्हणतील. बराच वेळ ते त्या एका ओळीवरच होते. मग डाव्या हातानं स्वतःचा चष्मा काढला, माझ्यापुढे धरला आणि एकेक शब्द ढकलत म्हणाले,

“त्याच्या... चष्म्याचा... नंबर किती?”

मला माहीत नव्हतं. तसं सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि पोच फाइलला लावायला लावली. त्या दिवसापासून रोज सकाळी चहाबरोबर हाच प्रश्न असतो.

मी तुला नंबर विचारणार नाही. कळवलास तरी त्यांना सांगणार नाही. पुढच्या नऊ जूनचा अर्जही मी लिहिणार नाही. आधी ठाण्यात जायचं की घरी, ते तुझं तू ठरव. फक्त चष्मा लावून ये.

तुझी शपथ मोडलेली,
ताई