खिडकीतून येणारी आत्या

धाकट्या चंद्राची चौथी

ती. आईस,
सा. न. वि. वि.

दुसऱ्यांदा नापास झाले. तू विचारायच्या आधीच सांगून टाकते. परीक्षा तुला माहीत आहेच: समोर दिवा ठेवतात, त्यात ना तेल ना वात. बसणाऱ्याच्या मनातून 'मी' गेला की तो लागतो. मी डोळे मिटले आणि मनातून मी किती छान निघून चालले आहे, ते कौतुकानं बघत राहिले. दिवा ढिम्म. आमच्या सरांचं दुःख आणखी वेगळं. पदवीच्या दिवशी त्यांचा दिवा लख्ख लागला; त्याचा त्यांना इतका अभिमान वाटला, की तो पुन्हा कधी लागलाच नाही. म्हणून आमचे वर्ग उन्हात भरतात.

परवा लांबच्या कुठल्याशा ग्रहावरचे पाहुणे विद्यालय बघायला आले होते. त्यांच्याकडे म्हणे कळ दाबली की दिवा लागतो. दाबणाऱ्याच्या मनात काय आहे ते कुणी विचारत नाही. चोरानं दाबली तरी लागतो! सर त्यांची कीव करत होते. मला मात्र त्यांच्याबरोबर निघून जावंसं वाटलं.

आता एकच संधी उरली. ती गेली तर परत घरी, म्हणजे बाबांनी घडवलेल्या दारातून. मनात अढी असली की ते उघडत नाही. 'तिथं जाऊन काय दिवे लावणार आहेस' असं बाबा म्हणाले होते, ते मी विसरलेले नाही. मागच्या सुट्टीत उंबऱ्यावरूनच परतले, आठवतं ना? आत्यासारखं खिडकीतून चढायची मला लाज वाटते.

बाबांना नमस्कार सांगू नकोस. लोभ असावा, आशा मात्र ठेवू नये. तिनं दिवा बिघडतो.

तुझी,
भिंगरी


धाकट्या चंद्राची दहावी

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

तू पास व्हावंस असं इथं आता कुणालाही वाटत नाही. शेजारणीलाही दटावलं, की खबरदार माझ्या लेकीचं भलं चिंतलंस तर. ती रुसून बसली आहे.

काल तुझी आत्या आली. तिनं दाराला हात लावला, दार जागचं हललं नाही. घरची कारागिरी भावाला शिकवली, तिला शिकवली नाही, हे तिनं लहानपणापासून पोटात ठेवलंय. मग नेहमीप्रमाणे खिडकीतून आली, गुडघा खरचटून घेतला आणि दाराला मनसोक्त शिव्या देऊन चहाला बसली. बाबांनी तिच्यासाठी खिडकीखाली छान पायरी करून दिली आहे. दार मात्र सैल करणार नाहीत. तत्त्वाचा माणूस!

तुझं नाव ते काढत नाहीत. टपाल आलं का, एवढंच दिवसभर विचारत असतात.

हो, एक लिहायचं राहिलं. बाबांनी अंथरूण धरलंय. वैद्य नुसती मान हलवतात. परीक्षेला बसशील तेव्हा स्वतःचा नको, त्यांचा विचार कर.

तुझ्यावर आहे त्याहून जास्त लोभ करणं मला जमणार नाही.

तुझी आई


थोरल्या चंद्राची दुसरी

ती. आईस,
सा. न., पण आज तोंड फिरवून.

तुझं पत्र परीक्षेच्या आदल्या दिवशी मिळालं. रडून रडून डोळे सुजले. मनात बाबांशिवाय काही म्हणून उरलं नाही, आणि तेवढ्यात एक बारीकसा विचार आलाच, की वा, आता नक्की लागणार! दिवा ढिम्म.

घरी यायला म्हणून सामान बांधत होते, तर आपल्या गल्लीतला कापडवाला भेटला. म्हणाला, बाबा छपरावर बसून पत्रे ठोकत होते, आणि वर शीळ घालत होते. आई, हे तुला शोभलं का? निदान माझं रडणं तरी खरं होतं, असं म्हणून सरांनी आणखी एकदा बसायची परवानगी दिली आहे. पुन्हा असलं काही लिहिलंस तर त्यातलं अक्षरही खरं धरणार नाही.

लोभ सध्या तुझ्याकडेच ठेव.

भिंगरी


थोरल्या चंद्राची अकरावी

चि. भिंगरीस,
अ. उ. आ.

मागच्या वेळी खोटं लिहिलं, ते तुझ्या भल्यासाठी. आज खरं कसं लिहू तेच कळत नाही. बाबा त्याच छपरावरून पडले. शुद्धीवर आहेत, पण शब्द तुटक येतात. वैद्य या वेळी मानही हलवत नाहीत. तू विश्वास ठेवणार नाहीस, आणि त्यात तुझी चूक नाही.

घरात कशाला काही ठिकाण नाही. दूध उतू गेलं ते तसंच पडलंय. सकाळी आत्या दारातून आली, तेव्हापासून त्यांच्या उशाशी बसून आहे. मला काही सुचत नाही. बाबा अजून तेच विचारतात, टपाल आलं का.

ये गं.

आई


थोरल्या चंद्राची तेरावी

ती. आईस,

तुझं पत्र वर्गातच, दिव्यासमोर बसून उघडलं. पहिल्या ओळी वाचून हसले. शेजारच्या मुलीला म्हटलं, आमच्या मातोश्रींचं नाटक सुरू झालं. दुधाचं वाचून तर तुझं कौतुकच वाटलं, की या खेपेला बारकावे भरलेत. मग पुढची ओळ वाचली. आत्या दारातून आली.

त्यानंतर मी तिथून कशी उठले ते आठवत नाही. खोलीवर कपडे भरत होते, तर सर धापा टाकत आले. माझ्या जागेवरचा दिवा लागलाय, विझता विझत नाही, पदवी घ्यायला चल, म्हणाले. मी त्यांना म्हटलं, जरा सरका, माझी पिशवी तुमच्या पायाखाली आहे.

गाडी उद्या आहे, टपाल आजच निघतंय, म्हणून एवढंच लिहिते. दिव्याचं बाबांना सांगू नकोस. टपाल आलं का असं विचारतील, तेव्हा मी येतेय म्हणून सांग. आणि खिडकी लावून घे, त्यांना वारा लागेल. मी दारातून येईन.

तुझी आणि बाबांची,
भिंगरी