परत सोडलेला चणक

पार्से, श्रावणी सोमवार, दिवेलागण

डोकं अजून तापलेलं आहे. आज सकाळी हे शहरातल्या एका पाहुण्याला होडीतून गळ टाकायला घेऊन गेले. श्रावणात! आमच्या घरात महिनाभर मासळी शिजत नाही. म्हटलं, निदान सोमवार तरी पाळा. तर म्हणाले, "अगो, मारतत खंय? फोटो काढून परत सोडतत. खावचा नाय, मगे पाप कसला?"

दुपारी नदीच्या पायरीवर गेले, तर सकाळी सोडलेला तो चणक मासा पायरीला लागलेला. ओठ गळाने फाटलेला, पांढरं पोट वर. पोट गाबोळीने, अंड्यांनी टम्म फुगलेलं.

सासरे श्रावणात जाळं गुंडाळून का ठेवत? नुसतं देवासाठी? नाही, या दिवसांत मासळी पोटुशी असते म्हणून. हे यांना ठाऊक नाही? चांगलं ठाऊक आहे!

मघाशी हे जेवायला बसले. त्यांच्या पानासमोर मी दुसरं केळीचं पान मांडलं आणि त्यावर तो चणक ठेवला, तसाच, पांढरं पोट वर.

म्हटलं, "मारूक नाय ना तुमी? मगे उठवा तेका, आणि परत सोडा."

त्यांच्या पानातला भात निवला.