दोन देशांचा गाळ

रिठद, मंगळवार, संध्याकाळ

नवऱ्याचा फोन आला. तिकडं आखातात दोन देशांच्या मधातल्या नदीतून जहाजं जातात, तिथला गाळ काढणाऱ्या बोटीवर तो कामाले हाये. एका देशानं दुसऱ्याले न विचारता गाळ काढायले लावला, तर दुसऱ्यानं बोटच अडकवून ठेवली. प्यायले पाणीबी पुरत नाही म्हणे. रडत होता.

बरं वाटलं मले. काहून वाटू नये? जातानी त्यानं पिरगाळलेलं मनगट अजून ठणकते. तवा सासू दारातच उभी होती. "नवरा-बायकोच्या भांडणात मी कायले पडू?"

आज बुद्धापुढं मेणबत्ती लावून मले म्हणाली, "तुले लिहिता येते. वाशीमले कलेक्टरसायबाले अर्ज लिही, पोरी."

म्हटलं, "मनगट लई दुखते, आत्याबाई."

दुखतेच. तरी वहीचं हे पान भरलं.