नवपर्व पक्षाचं तिकीट

१० नोव्हें., सोम., नांदेड
लॉजच्या हॉलमध्ये आमच्या टीव्ही शोचं शूटिंग सुरू. खोटा पक्ष, खोटा निरीक्षक, जि.प.च्या खऱ्या इच्छुकांच्या मुलाखती, छुपे कॅमेरे. पक्षाचं नाव मीच ठेवलं, नवपर्व. निरीक्षक म्हणजे लातूरचा वैभव, नाटकातला पोरगा, कडक इस्त्रीच्या झब्ब्यात. प्रश्नही माझेच. 'जुन्या नेत्याला शिव्या द्या.' वाटलं, लोक उठून जातील. कुणी उठलं नाही. एकाने तर देऊन वर विचारलं, "अजून देऊ का साहेब?" शी.

११, मंगळ.
नायगावच्या एकाच्या डिकीत सगळ्या पक्षांची उपरणी. धर्माबादच्या बाईंनी वैभवचा शाल-श्रीफळ देऊन सत्कारच केला. पक्षाचं ऑफिस कुठंय, हे कुणी विचारेना. कॅमेरामन पोट धरून हसत होता. मी उद्याचे प्रश्न लिहिले.

१२, बुध.
दारातून शंकरमामा आत आले. अर्धापूरचे, आईचे सख्खे भाऊ! जन्मभर एकच पक्ष, सभेच्या सतरंज्या उचलून पाठ गेली, तिकीट कधी नाही. मी पडद्यामागे. मामा नाही म्हणतील, खात्री होती. वैभवने तोच प्रश्न विचारला. मामांनी खाली बघत, अडखळत दिल्या शिव्या. ज्याचा फोटो त्यांच्या देवघराशेजारी आहे, त्याला. आणि वैभवच्या पाया पडले. माझ्याहून लहान आहे तो. "तिकीट पक्कं समजा," वैभव म्हणाला. हेही मीच लिहिलेलं. बाहेर येऊन थांबवायला हवं होतं. नाही आले.

१४, शुक्र.
बॉसला म्हटलं, मामांचा भाग काढा. "अगं, तोच तर हिट आहे. रविवारी तोच आधी." आईला अजून काही...

१५, शनि.
अर्धापूरच्या चौकात फ्लेक्स. हात जोडलेले मामा, 'नवपर्व पक्षाचे अधिकृत उमेदवार'. कोपऱ्यात वैभव, निरीक्षकसाहेब म्हणून. मामा जुन्या पक्षाचा राजीनामा देऊन मोकळे झालेत. घरी जाऊन त्यांना सगळं सांगून टाकलं. मामांनी उठून दार लावून घेतलं. मग,
"कोनाकोनाला ठाव हाय हे?"
"उद्या टीव्हीवर लागल्यावर सगळ्यांना."
"उद्याचं उद्या. आज संध्याकाळी लई पोरं प्रवेश करून राहिलीत आपल्याकडं. त्यांला काय सांगू, पक्षच न्हाई?"
मामांनी वही पुढ्यात ओढली.
"उपरण्याचा रंग कोंचा ठरवला तुमी?"
सांगितला. त्यांची किळस आली, त्याहून माझी.

१६, रवि.
थोड्या वेळात कार्यक्रम लागेल. आत्ताच मामींचा फोन. मामा नवं उपरणं घालून टीव्हीसमोर बसलेत, सगळ्या गल्लीला चहाला बोलावलंय.
"काय दाखवनार हायत गं ह्यांचं? इचारलं तर बोलून न्हाई राहिले."
म्हटलं, बघा.