सगळ्यांना आवडलेला विसर

३ जाने.
पीण्या औद्योगिक वसाहतीतल्या बंद कारखान्याच्या शेडमध्ये नाटकाचा प्रयोग. कामावरून काढलेली बाई लेथ मशीनशी बोलते, पन्नास मिनिटं मी एकटीच. 'माझा हात तुला...' इथपर्यंत आले आणि डोकं कोरं. मशीनवर हात ठेवून नुसती उभी. पाठीवरून घाम. किती वेळ, देव जाणे. मग आलं आपोआप.
दिग्दर्शक नंदीश धावत आला, पायाच पडला. "अक्का, काय ते मौन! काय धाडस!" म्हटलं, सरी, ठीक आहे. घरी येऊन रडले.

५ जाने.
कप्पाळ! नंदीशने संहितेत लिहूनच टाकलं: 'अक्का थांबतात. दोन मिनिटं.' वर निळा लाइट. म्हणजे आता दर प्रयोगाला विसरल्याचं सोंग. आणि मुद्दाम विसरायचं म्हटलं की मेलं वाक्य जिभेवर येऊन बसतं.

९ जाने.
नंदीश या नाटकाचा सिनेमा करतोय. शेवटचं स्वगत अकरा मिनिटं, एका शॉटमध्ये, कट नाही. इतकी वर्षं सिनेमात मी कुणाची तरी आई, पदराला हात पुसणारी. हा आख्खा माझा. हवाय मला. लाज वाटावी इतका हवाय.

१० जाने.
वसंतला खरं सांगितलं. संसाराची तीस वर्षं झाली, नवऱ्याला नाही तर कुणाला सांगणार. तो म्हणे, "गप बस. झाकली मूठ सव्वा लाखाची." मग हळूच, "मंगळवारी तू दोनदा दूध आणलंस." मला आठवेना. भांडले त्याच्याशी उगीचच.

२० जाने.
पुन्हा विसरले. भलत्याच जागी, जिथे लाइटही बदलत नाही. बेळगावच्या आमच्या जुन्या मंडळीत विंगेत प्रॉम्प्टर असायचा, अडलं की लगेच शब्द फेकायचा. नंदीशकडे नियम असा की जे घडेल तेच नाटक, मदतीला कुणी यायचं नाही. मी बुडतेय आणि समोर लोक डोळे पुसतायत.
नंदीश : "आजचं आणखी खोल होतं, अक्का."
खोल! खड्डाच होता तो.

२४ जाने.
सांगून टाकलं त्याला. जयनगरातल्या नेहमीच्या हॉटेलात, इडली गार होईपर्यंत. ते मौन नव्हतं रे बाबा, मी विसरले होते. आधी हसला. मग डोळे चमकले. "अक्का, कॅमेऱ्यासमोरही तसंच झालं तर... तेच तर हवंय!"
माझा जीव जातोय आणि याला शॉट दिसतोय. फार लागलं मनाला. म्हटलं, शब्द द्यायला माणूस उभा करणार असशील तर येते.
"मग तो वेगळाच सिनेमा होईल."
"मग वेगळा कर."
कॉफी न पिताच उठले.

२९ जाने.
फोन नाही. रोज पाठांतर चालू. वसंत म्हणतो डॉक्टरकडे जाऊ. शूटिंगनंतर, म्हटलं. कुठलं शूटिंग, असं त्याने विचारलं नाही. भला माणूस आहे.

२ फेब्रु.
सकाळी नंदीशचा फोन. "अट मान्य, अक्का. शब्द द्यायला मी स्वतः उभा राहतो. सोमवारी शूट. संध्याकाळपर्यंत जरा कळवा." हो म्हणून नाचायचीच बाकी होते, पण म्हटलं, संध्याकाळी कळवते.
दुपारी वसंतला समोर बसवलं, संहिता त्याच्या मांडीवर. आख्खं स्वगत म्हटलं. एकदाही अडखळले नाही, कुठे थांबले नाही. किती दिवसांनी इतकं मोकळं वाटलं.
वसंत संहितेची पानं मागे-पुढे उलटत होता.
"अरे, कसं झालं?"
"मधलं एक आख्खं पान तू गाळलंस," म्हणाला. मला पत्ताच नाही. पान हातात घेऊन वाचलं, तर ओळ न् ओळ माझ्या ओळखीची.
अडलेल्याला शब्द देता येतो. मी अडलेच नव्हते.
साडेपाच झाले. नंदीशचा मिस्ड कॉल येऊन गेला. वसंत म्हणतो, तूच ठरव. मला अजूनही हो म्हणायचंय.